न झालेल्या भाषणाचा पूल

पुलगाव,
६ ऑगस्ट २०२५

सुलू,

मोठ्या भावाचे आशीर्वाद घे आणि दार लावून वाच. फोन सोडून पत्र का, असं तू म्हणशील. माझा फोन नातीच्या हातात असतो. मला ऐकू येत नाही म्हणून मयुरी तो स्पीकरवर ठेवते आणि तुला ऐकू येत नाही म्हणून तू ओरडतेस. आपण दोघं पाच मिनिटं बोललो की बातमी स्टेशनपर्यंत जाते. मग आपल्या ‘निखळ’ साप्ताहिकाचा अंक काढायची गरजच उरत नाही.

संकट असं आहे. मयुरीने माझ्यावर पुस्तक काढायचं मनावर घेतलं आहे. माझी आमदारकी पाच वर्षांची आणि साप्ताहिक बावन्न वर्षांचं, तेव्हा पुस्तकात साप्ताहिकच जास्त येईल असं मला वाटलं होतं. पण तिला हवं आहे ते १९८७ च्या नागपूरच्या हिवाळी अधिवेशनातलं माझं पिंपळझरीच्या पुलाचं भाषण. तुला ते आठवत असेलच, कारण तूच ते लिहिलं होतंस.

तेव्हा आपला अंक शुक्रवारचा, छपाई गुरुवारी, आणि मला बोलायची वेळ मिळाली शुक्रवारी दुपारची. एसटीचं पार्सल कुणासाठी थांबत नसे. म्हणून तू बुधवारीच टाइप जुळवून बातमी तयार केलीस, ‘आमदार प्रभाकरराव नासरे यांनी सभागृह दणाणून सोडले’. आणि शुक्रवारी सभागृह गोंधळात तहकूब झालं, हे मी घरी येताच तुला सांगितलं होतं. पुढच्या अंकात दुरुस्ती छापायचं ठरलं होतं. पुढच्या अंकात जाहिराती जास्त आल्या.

आता मयुरी म्हणते, भाषण विधानमंडळाच्या छापील कार्यवाहीतून शब्दशः घेऊ. अर्जही करून मोकळी झाली. वर मला विचारते, “आजोबा, डिसेंबरमध्ये नागपुरात मंत्र्याने घाम कसा पुसला?” बातमीतला तो घाम तुझा आहे सुलू, माझा नाही. त्यात पिंपळझरीची मंडळी २८ नोव्हेंबरला पुलावर कार्यक्रम घेऊन दगड बसवणार आहेत, ‘यांच्या सभागृहातील ऐतिहासिक भाषणामुळे’ असा.

तू तिला एवढंच लिही की जुने कागद कुठे मिळायचे, नाद सोड. तुझं ती ऐकते.

तुझा,
दादा


गिरड,
१५ ऑगस्ट २०२५

दादा,

नमस्कार. वाकून केला असं समज. गुडघा बदलल्यापासून मी देवासमोरही ताठच उभी असते.

तुझं पत्र दार लावून वाचलं. त्यामुळे शेजारच्या लीलाबाईंना मी आजारी आहे असं वाटलं आणि त्या वरणभात घेऊन आल्या. पुढच्या वेळी असल्या सूचना देऊ नकोस.

दगडाचं मला तुझ्याआधी कळलं. टेकडीवरच्या दर्ग्याला जाणारे लोक माझ्या ओट्यावर पाणी प्यायला टेकतात. परवा पिंपळझरीची रामबाई टेकली होती. तीच, जिची पोरगी नाल्यात वाहता वाहता वाचली होती. म्हणाली, “बाई, दगड आणला. टिकाराम कोरून राह्यला. माही पोरगी त्या पुलावरून शाळेत गेली, आता नर्स हाये. भाऊचं नाव दगडावर नाई त कुठं लिवाचं?” मी तिला चहा दिला. दुसरं काही देण्यासारखं माझ्याजवळ नव्हतं.

दादा, कागदावरची थाप आठवड्यानं भजी बांधायला जाते. दगडावरची कुठे जाणार? दोनशे वर्षं येणारे-जाणारे वाचतील आणि त्यातला एखादा तरी मयुरीसारखा चौकस निघेल.

आणि मला एक सांग. सभागृह तहकूब झालं असेल तर त्यात तुझा काय दोष? नातीला तसंच सांग, ती हसेल आणि विषय संपेल. एवढं सोपं असताना तू ऐंशीच्या घरातल्या बहिणीला खोटं लिहायला लावतोस, याचं मला नवल वाटतं. मी मयुरीला काहीही लिहिणार नाही.

गोळ्या वेळेवर घे.

सुलू


पुलगाव,
४ सप्टेंबर २०२५

सुलू,

तुझ्या पत्राने मला त्रास झाला. म्हणून दोन आठवडे उत्तर दिलं नाही. राग दाखवायला माझ्याकडे दुसरं साधन नाही.

तुला सगळं हसण्यावारी न्यायची सवय आहे. मी अपक्ष उभा राहिलो, शिवणयंत्र चिन्ह मिळालं, तेव्हाही तू म्हणाली होतीस की निवडून नाही आलास तर निदान परकर शिवून दे. तीनशे बारा मतांनी आलो. पुढच्या वेळी अनामत गेली, तेही तूच हसत छापलंस. मी कधी काही म्हणालो नाही. पण हा विषय वेगळा आहे.

मयुरी आठ वर्षांची होती तेव्हा बोरगाव मेघेच्या शाळेत वक्तृत्व स्पर्धा होती. ‘अध्यक्ष महोदय, या सरकारला पोहता येते काय? येत नसेल तर पूल बांधा, कारण पिंपळझरीच्या पोरांनाही पोहता येत नाही.’ हे तुझं वाक्य तिने हात वर करून म्हटलं आणि पहिला नंबर आणला. आम्ही सगळे पहिल्या रांगेत बसलो होतो. तिने बक्षिसाचा डबा माझ्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, “आजोबा, मी तुमचंच भाषण केलं.” मी टाळ्या वाजवल्या.

तेच धरून ती पत्रकार झाली. पुण्यातली चांगली नोकरी सोडून इथे आली, कशाला, तर वाढदिवसाच्या शुभेच्छा आणि बाजारभाव छापणारं साप्ताहिक चालवायला. १ डिसेंबरला ती प्रकाशक म्हणून प्रतिज्ञापत्र करणार आहे. ‘निखळ’च्या शेवटच्या पानावर तळाला माझ्या जागी तिचं नाव येईल. भाषण काढून घेतलं तर तिच्या वाट्याला काय उरतं? एक म्हातारा आणि एक ऑफसेट मशीन, दोन्ही सुटे भाग न मिळणारे.

सभागृह तहकूब झालं होतं. हे मी शेवटचं लिहितो.

दादा


गिरड,
१८ सप्टेंबर २०२५

दादा,

तहकूब झालं नव्हतं.

तुझ्या प्रेक्षक गॅलरीच्या पासावर त्या दिवशी आपला मशीनवाला तानबा नागपूरला आला होता, हे तू विसरलास. संध्याकाळी तो प्रेसमध्ये आला आणि मशीन पुसत बसला. मग म्हणाला, “बाई, भाऊ उभे राह्यले. अन् बसले.” मी विचारलं, मधे काय झालं? तो म्हणाला, “मधे काईच नाई झालं, बाई. तेच त सांगून राह्यलो.”

मी त्याला शपथ घातली. बिचारा ती पाळून गेला.

अडतीस वर्षं मी तुझं तहकूब ऐकून घेते आहे. आता मीही म्हातारी झाले, माझ्याजवळ तेवढा वेळ नाही. काय झालं ते तू स्वतः लिही.

सुलू


पुलगाव,
१९ ऑक्टोबर २०२५

सुलू,

उद्या दिवाळी. मयुरी आकाशकंदील लावते आहे आणि मी माडीवर तुला लिहीत बसलो आहे. तिला वाटतं, मी पुस्तकाची प्रस्तावना लिहितो आहे.

महिनाभर तुझं पत्र खिशात घेऊन फिरलो. तानबाला ठाऊक होतं, तुला ठाऊक होतं, आणि मी तुम्हा दोघांसमोर एवढी वर्षं आमदारासारखा वावरलो. मला फार लाज वाटते आहे.

झालं ते असं. माझं नाव पुकारलं. तुझे चार कागद माझ्या हातात होते आणि ते मला पाठ होते. उभा राहिलो. माईकवरचा लाल दिवा लागला. तो दिवा पाहिला आणि तोंड ज्वारीच्या पिठासारखं कोरडं पडलं. ‘अध्यक्ष महोदय’ म्हणालो. पुढे काही आलं नाही. कागदाकडे पाहिलं तर अक्षरं ओळखीची, पण वाचता येईनात. कुणीतरी म्हणालं, “बोला, बोला.” मी पुन्हा म्हणालो, “अध्यक्ष महोदय.” मग माझ्या तोंडून निघालं, “मी बसतो.”

सगळे हसले. सत्ताधारी हसले, विरोधक हसले. माझ्या कारकिर्दीत दोन्ही बाजूंचं एकमत तेवढ्या एकाच मुद्द्यावर झालं. त्यानंतर मी कधीच वेळ मागितली नाही. हाताशी प्रेस होता, म्हणून गावाला ते कळलं नाही.

आणि तरीही पूल झाला. तो कसा झाला हे मला आजतागायत कळलेलं नाही. सरकारला माझी दया आली असावी असं मी धरून चाललो.

आता मयुरीला काय तोंड दाखवू ते सांग. आणि तू तेव्हा गप्प का राहिलीस, तेही सांग.

दादा


गिरड,
३ नोव्हेंबर २०२५

दादा,

तू खरं लिहिलंस. वाचून मला रडू आलं आणि ‘एकमत’ वाचून हसूही. लीलाबाई पुन्हा वरणभात घेऊन आल्या.

आता माझी पाळी. मुंबईला जाताना तू मला कोऱ्या लेटरहेडचा गठ्ठा देऊन जायचास, प्रत्येकावर खाली सही करून. कुणाला बदलीची शिफारस हवी, कुणाला दवाखान्याची चिठ्ठी हवी, तर बाई वर मजकूर टाइप करतील, अशी सोय होती. सगळेच आमदार तसं करायचे. दोनशे होते. त्यातले एकेचाळीस मी पिंपळझरीवर खर्च केले.

तानबाने सांगितलं त्याच्या दुसऱ्या दिवशी बसले. प्रत्येक पत्राला ‘निखळ’चं कात्रण टाचलं आणि वर लिहिलं, ‘संदर्भ: मा. मंत्रिमहोदयांनी सभागृहात दिलेले आश्वासन’. आश्वासन मीच दिलं होतं, बुधवारी, टाइप जुळवताना. पण एका साहेबाने कात्रण पाहून शेरा मारला, दुसऱ्याने पहिल्याचा शेरा पाहून मारला, आणि खरंच आश्वासन दिलं होतं का हे कुणी तपासलं नाही. दोन वर्षांनी उत्तर आलं, ‘सभागृहातील आश्वासनानुसार काम मंजूर.’ मी ते वाचून खुर्चीत बसून राहिले. तुला म्हणाले, पुलाचं झालं. तू म्हणालास, अरे वा. आणि चहा मागितलास.

तुला सांगितलं असतं तर तू मला थांबवलं असतंस. तुझं तहकूब मी उघडं पाडलं असतं तर माझे एकेचाळीस कागदही बाहेर आले असते. म्हणजे मी काही तुझ्या प्रेमाने गप्प राहिले असं समजू नकोस. थोडं प्रेम होतं, बाकी भीती होती.

आणि आता लिहितेच आहे तर हेही लिहिते. नाव व्हावं असं मला कधी वाटलं नाही, पण पूल कसा झाला ते कुणीतरी एकदा विचारावं असं वाटायचं. तूच विचारावंस असं वाटायचं.

मयुरीला काय सांगायचं ते आता तुला माहीत आहे.

सुलू


पुलगाव,
१५ नोव्हेंबर २०२५

सुलूआजी,

आजोबा तुला पत्र टाकायला स्वतः पोस्टात जातात आणि विचारलं की औषध आणायला गेलो होतो म्हणतात. म्हणून मीही पत्रच लिहिते आहे.

विधानमंडळातून कार्यवाहीचं पान आलं. त्यात आजोबांच्या नावापुढे एकच ओळ आहे, “अध्यक्ष महोदय... अध्यक्ष महोदय... मी बसतो.” पुढे कंसात ‘हशा’.

आजी, मी ते पान दहा वेळा वाचलं. शाळेत मी केलेलं भाषण कुणी केलंच नव्हतं. मला राग आला आणि मग आजोबा तिथे एकटे उभे असतील ते डोळ्यांपुढे आलं आणि रागही धड टिकेना.

मी त्यांना विचारणार नाही. विचारलं तर ते काहीतरी सुंदर सांगतील आणि मी विश्वास ठेवीन, माझं मला माहीत आहे. २८ तारखेला पुलावर ते काय बोलतात ते बघणार आहे. त्या भाषणाची टाळी त्यांनी लोकांकडून घेतली तर पुस्तक रद्द, प्रतिज्ञापत्रही करणार नाही आणि मी पुण्याला परत जाईन. ज्या पेपरचं मोठ्यात मोठं पान खोटं आहे त्याच्याखाली मी माझं नाव घालू शकत नाही.

तू त्यांना यातलं काही सांगू नकोस. पुलावर येशील ना?

मयुरी


गिरड,
२० नोव्हेंबर २०२५

दादा,

डॉक्टर म्हणतात गुडघ्याला सूज आहे, खडबडीत रस्त्याने जायचं नाही. म्हणून पुलावर येणं होणार नाही. मला फार वाईट वाटतंय.

मला एक गोष्ट कळली आहे आणि ती मी तुला सांगणार नाही. सांगितली तर तू घाबरून खरं बोलशील. घाबरून बोललेलं खरं मला नको आहे आणि ते दुसऱ्याही कुणाला नको आहे.

भाषण लिहून पाठवू का, असं विचारू नकोस. या वेळी मी लिहिणार नाही.

मफलर गुंडाळून जा.

सुलू


पुलगाव,
३ डिसेंबर २०२५

सुलू,

तू नव्हतीस म्हणून सगळं क्रमाने सांगतो.

गुरुवारी मयुरीशी माझं भांडण झालं. अंक शुक्रवारचा, कार्यक्रमही शुक्रवारचा. मी म्हणालो, बातमी आजच जुळवून टाक, सत्कार झाला, मान्यवर उपस्थित होते, टाळ्या पडल्या, सगळं तर ठरलेलंच असतं. ती म्हणाली, “आधी घडू द्या, आजोबा.” मशीन बंद ठेवलं. बावन्न वर्षांत गुरुवारी आपलं मशीन पहिल्यांदा बंद राहिलं.

पुलावर दोनेकशे माणसं होती. नाल्यात पाणी होतं, पोरं कठड्यावर बसली होती आणि अध्यक्षस्थानी रामबाई होती, नवी साडी नेसून. दगडावर हार घातला होता. माझं नाव पुकारलं. मी उभा राहिलो आणि माईक हातात आला, आणि सुलू, तेच झालं. तेच कोरडं तोंड. ‘अध्यक्ष महोदय’ म्हणालो आणि गप्प. लोक वाट बघू लागले. मयुरी पहिल्या रांगेत वही घेऊन बसली होती आणि माझ्याकडे बघत नव्हती.

रामबाई म्हणाली, “भाऊ, बसाचं असन त बसा. खुर्ची हाये.”

सगळे हसले. मीही हसलो. अडतीस वर्षं मी ज्या हसण्याला भ्यालो, ते हसणं ऐकून या वेळी धीर आला. मग मी सांगितलं. लाल दिवा सांगितला, ‘मी बसतो’ सांगितलं, तहकूब सांगितलं. तुझे एकेचाळीस कागदही सांगितले. तुला विचारलं नाही. लेटरहेडच्या वेळी तू मला विचारलं नव्हतंस.

मला वाटलं, आता हार काढून घेतील. रामबाईने जरा विचार केला आणि म्हणाली, “म्हंजे भाऊ बोलले नाई, बाईनं लिवलं, अन् सरकारले वाटलं भाऊ बोलले?”

मी म्हणालो, हो.

“मंग दगडावर तसं लिवा ना. खोटं काऊन लिवलं?”

टिकाराम वैतागला. तीन महिने कोरत होता. शेवटी चौघांनी मिळून दगड उलटा केला, मागची बाजू कोरी आहे. त्यावर काय लिहायचं याचा वाद मी निघेपर्यंत चालू होता. तुझं नाव येणार, एवढं नक्की झालं आहे. टिकारामने विचारलं, बाईंच्या नावात किती अक्षरं? मी मोजून सांगितली.

परतीच्या वाटेवर मयुरीने पिशवीतून एक कागद काढून माझ्या हातात दिला. कार्यवाहीचं पान. म्हणाली, दोन आठवडे तिच्याजवळ होतं. मी विचारलं, मग बोलली का नाहीस? ती म्हणाली, “तुम्ही बोलायची वाट बघत होते.” मग गाडीत बराच वेळ ती माझा हात धरून बसली होती. तुला हे ठाऊक होतं ना? तू न सांगितल्याबद्दल मी तुझ्यावर रागावलो होतो, आता नाही.

सोमवारी तिने प्रतिज्ञापत्रावर सही केली. अंक काल, मंगळवारी निघाला, चार दिवस उशिरा. सोबत पाठवतो आहे, तळाला तिचं नाव बघ. तुला एवढ्या वर्षांत जे विचारायला हवं होतं ते मी रविवारी गिरडला येऊन विचारणार आहे, तेव्हा घरी राहा.

पहिलं पान मी लाल पेन घेऊन वाचायला बसलो. आपल्या पेपरात माझ्याबद्दल जे येतं ते मला नेहमी आधीच माहीत असायचं, कारण ते घडायच्या आधी छापलेलं असायचं. हे पहिल्यांदा घडून गेल्यावर वाचलं. खोडण्यासारखं काही सापडलं नाही, सुलू. मी मयुरीसमोरच रडलो.

तुझा,
दादा